वाचक विचारतात : नवासोटाच्या अंगणातला ब्लूज गायक

ब्लूज म्हणजे अमेरिकेतील काळ्या लोकांचे लोकगायन. मागील अंकात टेक्ससमधील वृद्ध ब्लूज गायक मान्स लिप्सकम यांच्यावरील ‘अ वेल स्पेंट लाइफ’ या माहितीपटाचा परिचय आम्ही छापला होता. त्यानंतर नाशिकमधील काही रसिकांनी कॉलेज रोडवरील एका छोट्या सभागृहात तो एकत्र बसून पाहिला. लेस ब्लँक यांनी स्किप गर्सन यांच्या साथीने केलेला हा माहितीपट १९७१ सालचा असून अवघा ४४ मिनिटांचा आहे. त्याविषयी आलेल्या पत्रांतील काही प्रश्न येथे घेतले आहेत.

प्रश्न : माहितीपट पाहिला आणि मी थोडा संभ्रमात पडलो. त्यात निवेदन नाही, सनावळी नाही, कोणी जाणकार येऊन या माणसाचे महत्त्व सांगत नाही. म्हातारा गातो, मग घर, अंगण, शेते, नदीतला बाप्तिस्मा दिसतो आणि पुन्हा तो गातो. गायकाचे चरित्रच सांगायचे नसेल, तर प्रेक्षकाच्या हाती नेमके काय लागले? — एक वाचक, गंगापूर रोड

आपल्याला हवे असलेले चरित्र आधी देतो, कारण ते ठाऊक असताना हा चित्रपट दुसऱ्यांदा पाहिला तर त्यातील शांत प्रसंग वेगळे दिसू लागतात. लिप्सकम यांचा जन्म १८९५ साली नवासोटा या गावाजवळ, ब्राझोस नदीच्या खोऱ्यातील कापसाच्या मुलखात झाला. त्यांचे वडील गुलामगिरीत जन्मलेले होते आणि फिडल, म्हणजे व्हायोलिन, वाजवत असत. लिप्सकम लहान वयातच शेतात राबू लागले आणि आयुष्याची बहुतेक वर्षे त्यांनी दुसऱ्याची जमीन वाट्याने कसण्यात घालवली. या पद्धतीत जमीन मालकाची, बियाणे आणि अवजारे मालकाची, वर्षभराचा किराणाही त्याच्याकडूनच उधारीवर, आणि हंगाम संपल्यावर हिशेबाची वहीसुद्धा त्याच्याच हातात. त्यामुळे कापूस कितीही पिकला तरी वाटेकऱ्याच्या नावावर काही ना काही बाकी निघतच असे. सालदारीच्या आणि सावकारीच्या जुन्या गोष्टी ज्यांच्या घरात अजून सांगितल्या जातात, त्या निफाड-दिंडोरीकडील वाचकांना हे अधिक उलगडून सांगण्याची गरज नाही.

शनिवारी रात्री आसपासच्या काळ्या शेतकऱ्यांकडे जेवण आणि नाच असा बेत होई, आणि तेथे लिप्सकम रात्र सरेपर्यंत एकट्याने गिटार वाजवत. १९६० साली क्रिस स्ट्रॅकविट्झ आणि मॅक मॅकॉर्मिक हे दोन संग्राहक चौकशी करत करत नवासोटाला पोहोचले, तेव्हा लिप्सकम ६५ वर्षांचे होते आणि त्यांचे एकही ध्वनिमुद्रण झालेले नव्हते. त्यांच्या घरातच केलेल्या मुद्रणातून जी तबकडी निघाली, ती स्ट्रॅकविट्झ यांच्या आरहूली या कंपनीची पहिली एलपी ठरली. पुढच्याच वर्षी बर्कली येथील लोकसंगीत महोत्सवात ते गायले आणि १९७६ साली त्यांचे निधन झाले.

हे सगळे निवेदकाच्या आवाजात दोन मिनिटांत सांगून टाकता आले असते. ब्लँक यांनी ते टाळले, कारण एखाद्या तज्ज्ञाने आधी थोरवी सांगितली की पुढचे प्रत्येक गाणे त्या थोरवीचा पुरावा म्हणूनच ऐकले जाते आणि माणूस मागे पडतो, असे मला वाटते. येथे लिप्सकम स्वतःच बोलतात. कामाबद्दल, संसाराबद्दल, माणसाने कसे वागावे याबद्दल, सावकाश आणि मोजके बोलतात. तो स्वर कानात असतानाच गाणे सुरू होते, आणि आठवडाभर शेतात राबलेल्या हाताचा अंगठा शनिवारची अख्खी रात्र तोच ठेका न ढळता कसा सांभाळत असेल, हे आपण डोळ्यांनी पाहतो. कॅमेरा बोटांवर पुरेसा वेळ थांबतो. संगीतावरील कितीतरी माहितीपटांत गाणे रंगात आले की त्यावर कोणाचे तरी बोलणे चढते आणि गाणे मागे दबून जाते. ब्लँक तसे करत नाहीत, आणि मला त्यांचा हा गुण सर्वांत मोठा वाटतो.

एक उणीव मात्र मलाही जाणवते. नवासोटा परिसरातील एका बड्या जमीनदाराच्या शेतावरील जाचाचे एक गाणे त्या भागात प्रसिद्ध होते. लिप्सकम यांनी ते गायले आणि ते तबकडीवर आलेही, पण गायकाचे नाव न छापता. कारण गायकाला त्याच मुलखात राहायचे होते. १९६० साली, पासष्टी गाठलेल्या माणसाला आपल्या गाण्यावर आपले नाव घालणे धोक्याचे वाटावे, ही गोष्ट लहान नाही. चित्रपटातील उबदार, प्रसन्न उजेडात ती भीती फारशी दिसत नाही. ती आपण सोबत घेऊन चित्रपट पाहावा लागतो.

प्रश्न : मी काही वर्षे ख्याल शिकते आहे. ब्लूज ऐकताना तीच ओळ दोनदा येते, चालही साधारण तीच राहते, आणि थोड्या वेळाने सगळी गाणी सारखी वाटू लागतात. यात ऐकायचे काय आणि कसे? — एक वाचक, नाशिक रोड

आपल्या कानाला झालेल्या सवयींपैकी दोन येथे फार उपयोगी पडतील आणि एक बाजूला ठेवावी लागेल. बाजूला ठेवायची सवय म्हणजे विस्ताराची अपेक्षा. ब्लूज गायक स्वरांची बढत करत नाही. तीन-चार मिनिटांत, ठरलेल्या साच्यात, तो आपले म्हणणे मांडतो.

पहिली उपयोगी सवय आवर्तन मनात धरून ऐकण्याची. ब्लूजचा सर्वांत रूढ साचा बारा आवर्तनांचा असतो आणि प्रत्येक आवर्तन चार मात्रांचे असते. पहिली ओळ चार आवर्तनांत, तीच ओळ पुन्हा पुढच्या चारांत, आणि तिला उत्तर देणारी किंवा कलाटणी देणारी तिसरी ओळ शेवटच्या चारांत येते. दुसऱ्यांदा येणारी ओळ शब्दांनी तीच असली तरी तिच्याखालची स्वरसंगती, म्हणजे गिटारवर एकत्र वाजणारे साथीचे स्वर, बदललेली असते, म्हणून तेच शब्द वेगळ्या जमिनीवर पडतात. शिवाय ओळ म्हणायला चार आवर्तने पुरी लागत नाहीत. उरलेल्या जागेत गिटार बोलते. पोवाड्यात शाहिराची ओळ संपताच झीलकरी ती जशी उचलून धरतात, तसेच काम येथे गायकाच्या स्वतःच्याच हातातील गिटार करते, असे समजून ऐकावे. गायक आणि झीलकरी एकाच देहात आहेत हे एकदा लक्षात आले की दोन ओळींमधल्या रिकाम्या वाटणाऱ्या जागाच अधिक गोड लागू लागतात.

दुसरी उपयोगी सवय श्रुतींची. ब्लूजमधील गंधार आणि निषाद कोमल आणि शुद्ध यांच्या मध्ये कोठेतरी हलत असतात. पियानोच्या पट्टीवर ती जागाच नाही. गिटारवर ती तार ओढून किंवा तारेवरून काच अथवा धातू सरकवून मिळवतात. लिप्सकम काही गाण्यांत खिशातला चाकू तारांवरून फिरवत. दरबारीतील आंदोलित गंधार ऐकलेल्या कानाला हा हलता स्वर चटकन ओळखीचा वाटेल. मात्र त्यामागे राग शोधू नये, कारण तेथे रागाचे व्याकरण नाही.

आणखी एक सांगितले पाहिजे. लिप्सकम यांच्या भात्यात ब्लूजखेरीज नाचाच्या चाली, कथागीते आणि चर्चमधील भक्तिगीतेही होती, म्हणून त्यांचे प्रत्येक गाणे बारा आवर्तनांत बसवण्याचा प्रयत्न करू नये. त्यांच्याच राज्यातील लाइटनिन हॉपकिन्स यांचे तर असे होते की एकटे गाताना ते मनाला येईल तेथे आवर्तन लांबवत किंवा तोडत, आणि साथीला बसणाऱ्यांची त्यामुळे मोठी परीक्षा होई. मात्रा मोजत ऐकणाऱ्याला हा दोष वाटेल. मला तो त्यांच्या गाण्याचा प्राण वाटतो, कारण तेथे शब्दांचा श्वास तालावर चालत नाही, ताल श्वासाच्या मागून येतो.

प्रश्न : आमच्या तालुक्यातील देशवंडीचे वामनदादा कर्डक यांची गाणी म्हणजे आपले ब्लूजच, असे माझे मत आहे. आपल्याला ते पटते का? — एक वाचक, सिन्नर

आपला अभिमान मला मनापासून मान्य आहे, पण विधान पूर्ण पटत नाही. वामनदादांचा जन्म १९२२ चा आणि निधन २००४ चे. हजारो गीते रचणाऱ्या या लोकशाहिराची वाणी आंबेडकरी चळवळीची वाणी होती. समोर बसलेल्या समाजाला उद्देशून, त्याला जागे करण्यासाठी आणि संघटित करण्यासाठी ती गाणी उभी राहिली. जुन्या ग्रामीण ब्लूजचा गायक बहुधा आपल्या एकट्याचे बोलतो. सोडून गेलेली बायको, न फिटणारे कर्ज, पूर, तुरुंग, गाव सोडून जाणारी रेल्वे हे त्याचे विषय. आणि ऐकणारे शनिवारी नाचायला आलेले असतात. त्या एकट्याच्या बोलण्यात साऱ्या समाजाचे दुःख ऐकू येते हे खरे, पण ते आडून येते. वामनदादा आडून बोलत नाहीत.

साम्य आहे ते परिस्थितीत. लिप्सकम ज्या टेक्ससमध्ये वाटेकरी म्हणून राबत होते, तेथे शाळा, उपाहारगृहे आणि रेल्वेचे डबेसुद्धा गोऱ्यांचे वेगळे आणि काळ्यांचे वेगळे होते. त्याच काळात, २ मार्च १९३० रोजी, आपल्या पंचवटीत काळाराम मंदिराच्या प्रवेशासाठी सत्याग्रह सुरू झाला. १९७२ साली मुंबईत दलित पँथरची स्थापना झाली तेव्हा नाव घेताना अमेरिकेतील ब्लॅक पँथर ही काळ्यांची संघटना डोळ्यांसमोर होती. ही नाती खरी आहेत आणि त्यांवर अभ्यास व्हायला हवा. वामनदादांना मात्र दुसऱ्या कोणाच्या नावाने ओळखण्याची गरज नाही, त्यांचे स्वतःचे नाव पुरेसे मोठे आहे.

प्रश्न : लिप्सकम यांच्यानंतर कोणाला ऐकावे? — एक वाचक, इंदिरानगर

मिसिसिपी जॉन हर्ट आणि एलिझाबेथ कॉटन यांना ऐकावे. दोघांचेही वादन मृदू आहे आणि नवख्या कानाला जड जात नाही. कॉटन डावखुऱ्या होत्या आणि उजव्या हाताची गिटार उलटी धरून वाजवत, त्यामुळे खर्जाच्या तारा बोटांवर आणि सुरावट अंगठ्यावर असा त्यांचा हात पडे. चित्रफीत मिळाल्यास अवश्य पाहावे.

प्रश्न : हे चित्रपट गोऱ्या माणसांनी केले. काळ्या गायकाच्या अंगणात कॅमेरा नेणारा बाहेरचा माणूस आपल्याला हवे तेवढेच टिपून नेत नसेल का? — एक वाचक, कॅनडा कॉर्नर

नेत असतो, आणि त्याचे उदाहरणही आहे. हॉपकिन्स ह्यूस्टनमध्ये काळ्या श्रोत्यांसाठी विजेवर चालणारी गिटार वाजवत आणि त्यांच्या तबकड्या १९५० च्या आसपास चांगल्या खपत होत्या. १९५९ साली सॅम्युएल चार्टर्स हे अभ्यासक त्यांना शोधत आले आणि त्यांनी हॉपकिन्स यांच्या हातात साधी लाकडी गिटार देऊन मुद्रण केले, कारण शहरातील लोकसंगीतप्रेमी गोऱ्या तरुणांना जुना, न मिसळलेला ब्लूज हवा होता. त्या मुद्रणामुळे हॉपकिन्स यांना नवे श्रोते आणि पैसा मिळाला, हे नाकारता येत नाही. परंतु त्यांचे चालू वर्तमान बाजूला सारून त्यांना भूतकाळात बसवले गेले, हेही तितकेच खरे आहे.

ब्लँक यांनी हॉपकिन्स यांच्यावरही एक चित्रपट केला. त्यांनी पुढे सांगितलेली आठवण अशी, की पहिल्याच दिवशी काही गाणी म्हणून झाल्यावर हॉपकिन्स यांनी चित्रीकरण संपल्याचे जाहीर केले आणि मंडळींना निघायला सांगितले. ब्लँक त्यांच्याशी पत्ते खेळायला बसले आणि हरत राहिले, तेव्हा कोठे पुढचे काम सुरू झाले. बाहेरच्या माणसाला आत घ्यायचे की नाही, हे तेथे गायकाने ठरवले. बाहेरचेपण कॅमेऱ्यामुळे नाहीसे होत नाही. ज्याचे अंगण आहे त्याच्या मर्जीने आणि त्याच्या वेळेने काम करणे, एवढे मात्र चित्रपट करणाऱ्याच्या हाती असते.

प्रश्न : आमच्या ओळखीतले एक वयोवृद्ध गोंधळी आहेत. संबळावर त्यांचा हात अजून चांगला चालतो. माझ्याकडे मोबाइल आणि एक साधा स्टँड आहे. लिप्सकम यांचा माहितीपट पाहून त्यांचे चित्रण करावे असे मनात आले आहे. सुरुवात कशी करावी? — एक वाचक, पंचवटी

आपल्या पत्राने मला फार आनंद झाला, म्हणून सविस्तर लिहितो. सुरुवात कॅमेरा न नेता करावी. ते कोणत्या वेळी निवांत असतात, कोणाच्या सोबतीने वाजवतात, तुणतुण्यावर आणि झांजेवर कोण असते, गोंधळाचे बोलावणे आता कोणाकडून येते, हे आधी कळू द्यावे. गोंधळ हा देवीपुढचा विधी आहे. आवाहनापासून आरतीपर्यंत कोणता भाग टिपलेला चालेल आणि कोणता नाही, हे त्यांनाच विचारावे, आणि एखाद्याच्या घरच्या गोंधळात चित्रण करायचे असल्यास यजमानांचीही परवानगी घ्यावी.

चित्रापेक्षा आवाजाची काळजी अधिक घ्यावी. मोबाइल आपणहून आवाजाची पातळी कमी-जास्त करत असतो. संबळाची थाप पडली की तो पातळी एकदम खाली आणतो आणि त्या क्षणी तुणतुणे व आवाज दोन्ही बुडतात. थाप थांबली की पातळी वर येते आणि पंख्याची घरघर ऐकू येऊ लागते. म्हणून ही स्वयंचलित सोय बंद करता येईल असे ॲप वापरावे किंवा एखादा वेगळा रेकॉर्डर मिळवावा, तो वादकापासून चार-सहा फुटांवर ठेवावा आणि सर्वांत मोठी थापही उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील इतकी पातळी आधी वाजवून घेऊन ठरवावी. बोलणे टिपताना मात्र माइक जवळ हवा. पंखा बंद करावा, कुकरची वेळ टाळावी. पंचवटीत घंटा आणि गर्दीचा आवाज येणारच. तो त्यांच्या रोजच्या जगण्याचा भाग आहे, त्याला घाबरू नये.

एक पद किंवा आख्यानाचा एक भाग सुरुवातीपासून शेवटपर्यंत, कॅमेरा न हलवता, सलग टिपावा. त्यानंतर त्यांची तयारी असेल तर तेच पुन्हा वाजवायला सांगून फक्त हात टिपावेत. दुसऱ्या वेळी लय थोडी बदललेली असेल, म्हणून दोन्ही चित्रणे जोडताना आवाज पहिल्या वेळचाच ठेवावा आणि हात दिसतील ते तुकडे जपून निवडावेत. मुलाखतीत तारखा विचारण्यापेक्षा कामाविषयी विचारावे. संबळाचे चामडे कोण चढवते, पावसाळ्यात ते सैल पडले तर काय करतात, पहिल्यांदा एकट्याने उभे राहिले ते कोणाच्या घरी. अशा प्रश्नांवर वादक खुलतात आणि सनावळी आपोआप बोलण्यात येते.

त्यांना मुद्दाम ठेवणीतला पोशाख घालायला सांगू नये, आणि घरातील प्लॅस्टिकच्या खुर्च्या किंवा टीव्ही चौकटीबाहेर ढकलू नये. हॉपकिन्स यांच्या बाबतीत जे झाले ते येथे होऊ देऊ नये. ते ज्या घरात आज राहतात, त्या घरातच ते आपल्याला दिसावेत.

घाई करू नये. आपल्याच जिल्ह्यात त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढण्याआधी, १९१२ साली, रुजणाऱ्या वाटाण्याचा वेल दिवसामागून दिवस थोडा थोडा टिपून एक छोटा चित्रपट तयार केला होता, आणि तो पाहूनच भांडवल देणाऱ्यांचा त्यांच्यावर विश्वास बसला. तेवढी चिकाटी आपण धरली तर मोबाइलही पुरेसा आहे.

आता पैशांचा आणि हक्कांचा विषय, जो अशा कामांत बहुतेक जण शेवटी काढतात आणि मी पहिल्या भेटीतच काढावा म्हणेन. १९२० आणि १९३० च्या दशकांत ब्लूज गायकांना कंपन्या बहुधा गाण्यामागे ठरावीक रक्कम हातावर ठेवत आणि पुढच्या विक्रीशी गायकाचा संबंध उरत नसे. मिसिसिपी जॉन हर्ट यांची मुद्रणे १९२८ सालची. १९६३ साली लोक त्यांना शोधत त्यांच्या गावी पोहोचले तोवर ते शेतमजुरीवर जगत होते. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात सादरीकरणावरील कलावंताचा हक्क ५० वर्षांसाठी मान्य केलेला आहे, आणि २०१२ च्या दुरुस्तीनंतर व्यावसायिक वापर झाल्यास मोबदल्यातील वाट्याचीही तरतूद आहे. मात्र आपले सादरीकरण चित्रपटात घेण्यास कलावंताने एकदा लेखी संमती दिली की पुढे हरकत घेण्याची वाट बरीचशी बंद होते. म्हणून संमतिपत्र साध्या मराठीत लिहावे, त्यांना आणि घरातील एखाद्या तरुण माणसाला मोठ्याने वाचून दाखवावे, आणि चित्रण कोठे दाखवले जाईल, इंटरनेटवर टाकले आणि त्यातून पैसे आले तर वाटणी कशी होईल, हे त्यात स्पष्ट असावे. ज्या दिवशी चित्रण असेल त्या दिवशीचे मानधन त्याच दिवशी द्यावे. गोंधळाला जाऊन त्यांना जे मिळाले असते त्याहून ते कमी नसावे.

चित्रण पूर्ण झाल्यावर, संपादन न केलेले सगळे साहित्य दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर उतरवावे आणि प्रत्येक फाइलच्या नावात तारीख, ठिकाण व पदाची पहिली ओळ घालावी. त्यातील एक डिस्क गोंधळींच्या घरी राहावी, म्हणजे त्यांच्या नातवंडांपैकी कोणी संबळ हातात घेतला तर आजोबांचा हात पाहण्यासाठी त्याला आपल्या दाराशी यावे लागणार नाही.